आधी पायऱ्या, मग तारीख

१९६९ साली जमलं ते आज का जमत नाही? चंद्राचा विषय निघाला की हा प्रश्न येतोच. विचारणाऱ्यांपैकी काहींचं उत्तर आधीच ठरलेलं असतं, की तेव्हाही कोणी गेलं नव्हतं. त्यावर मी फार वेळ घालवणार नाही. अपोलोच्या सहा मोहिमांनी ३८२ किलो दगडमाती पृथ्वीवर आणली, ती आजही जगभरच्या प्रयोगशाळांत तपासली जाते. अपोलो-११ जिथे उतरलं त्या जागेचं छायाचित्र आपल्या चांद्रयान-२ च्या कक्षायानानेही टिपलं आहे. पण ज्यांना हा प्रश्न मनापासून पडतो त्यांचं समाधान एवढ्याने होत नाही, आणि होऊही नये. अपोलोच्या संगणकापेक्षा कितीतरी पट ताकदीचा फोन आज प्रत्येकाच्या खिशात आहे. असं असताना अमेरिकेने २००४ मध्ये चंद्रावर परतायचं जाहीर केलं, त्यासाठी पहिली मुदत २०२० ची दिली, आणि मग ती मुदत २०२४, २०२५, २०२६, २०२७ अशी सरकत राहिली. हे कसं झालं, हे विचारण्याचा हक्क सगळ्यांना आहे. आपणही २०४० पर्यंत भारतीय माणूस चंद्रावर उतरवायचं ठरवलं आहे, त्यामुळे आपल्याला तर तो अधिकच आहे.

माझं म्हणणं सरळ आहे. साधनं सुधारली, पण पायरी पायरीने चढण्याची रीत सुटली. अपोलोच्या काळात एका उड्डाणात, शक्यतो, एकच मोठी नवी गोष्ट आजमावली जात होती. चंद्रावर परतण्याच्या नासाच्या आर्टेमिस कार्यक्रमाच्या मूळ आराखड्यात मात्र बहुतेक सगळ्या नव्या गोष्टी एकाच उड्डाणावर येऊन पडल्या होत्या. हा अवघडपणा चंद्राने घातलेला नाही, आराखडा करणाऱ्यांनी तो ओढवून घेतला.

अपोलोचा क्रम पुन्हा एकदा नीट पाहण्यासारखा आहे. अपोलोआधीच्या जेमिनी कार्यक्रमाच्या दहा समानव उड्डाणांमध्ये, १९६५ आणि १९६६ या दोन वर्षांत, यानाबाहेर पडून काम करणं, दोन यानं कक्षेत जोडणं, चौदा दिवस अंतराळात राहणं हे सगळं पृथ्वीच्या जवळ घोटून घेतलं गेलं. मार्च १९६६ मध्ये जेमिनी-८ ने इतिहासातली पहिली जोडणी केली आणि काही मिनिटांतच एक थ्रस्टर, म्हणजे यान वळवणारं छोटं इंजिन, अडकून यान गरगर फिरायला लागलं. नील आर्मस्ट्राँगने ते सावरलं आणि मोहीम अर्ध्यावर सोडून घरी आणलं. पृथ्वी तीनशे किलोमीटरांवर होती म्हणून ते शक्य झालं. पुढे अपोलो-७ ने फक्त मुख्य यान तपासलं. अपोलो-९ ने चंद्रावर उतरायचं यान पृथ्वीच्याच कक्षेत चालवून पाहिलं. अपोलो-१० चंद्राच्या पृष्ठभागापासून सुमारे १५ किलोमीटरांपर्यंत खाली गेलं आणि न उतरता परत आलं. खाली गेलेल्या यानातल्या दोघांना आणखी थोडं खाली जाण्याचा मोह झाला नसेल असं नाही. पण त्या दिवशीचं काम तेवढंच होतं. मग अपोलो-११ साठी खरोखर नवं राहिलं ते शेवटचे १५ किलोमीटर, चंद्रावरचा वावर आणि तिथून उड्डाण.

याला अपवाद आहे, आणि तो लपवून चालणार नाही. अपोलो-८ ही मोठी उडी होती. एप्रिल १९६८ च्या मानवरहित उड्डाणात अपोलोच्या सॅटर्न-५ रॉकेटची दोन इंजिनं मधेच बंद पडली होती, तरी त्याच्या पुढच्याच उड्डाणात, डिसेंबरमध्ये, तिघांना थेट चंद्राभोवती पाठवलं गेलं. उतरायचं यान तयार नव्हतं, म्हणून ते सोबत नव्हतंच. अपोलो-१३ ला जो स्फोट झाला तो अपोलो-८ ला झाला असता, तर आश्रयाला दुसरं यान नव्हतं. ते साधलं. पण साधलं म्हणून ती रीत ठरत नाही.

आता आर्टेमिसकडे येऊ. त्यातली बहुतेक गुंतागुंत एका आकड्यात आहे. एसएलएस हे रॉकेट जमिनीवरून उठताना सॅटर्न-५ पेक्षा जास्त जोर लावतं. तरीही चंद्राच्या वाटेवर ते सुमारे २७ टनच पाठवू शकतं. सॅटर्न-५ ने ४५ टनांहून अधिक पाठवले. खालचे बूस्टर दांडगे आहेत, पण शेवटचा धक्का देणारा वरचा टप्पा दुसऱ्या रॉकेटवरून घेतलेला आणि छोटा आहे. ओरायन हे माणसांचं यान आणि त्याचा सेवाकक्ष मिळूनच २६ टनांच्या आसपास जातात. म्हणजे उतरायच्या यानाला जागाच उरत नाही. हे रॉकेट असं का झालं? २०१० मध्ये अमेरिकी काँग्रेसने कायदा करून नासाला सांगितलं की स्पेस शटलची जी साधनं, कंत्राटं आणि कामगार आहेत ते शक्य तितके वापरा. त्यामागे राज्याराज्यांतले रोजगार होते. कामगारांची काळजी करणं चूक नाही. पण आधी रॉकेट ठरलं आणि मग त्याला साजेशी मोहीम शोधली गेली. नासाच्या महानिरीक्षकांनी मार्च २०२२ मध्ये पहिल्या चार मोहिमांसाठी दर उड्डाणाचा खर्च ४.१ अब्ज डॉलर काढला. त्या दराने वर्षाला एक उड्डाणही जड जातं.

रॉकेटच्या मर्यादेतून पुढचं सगळं ओळीने येतं. ओरायनकडे चंद्राच्या अगदी जवळच्या कक्षेत शिरून पुन्हा बाहेर पडण्याइतकं इंधन नाही. म्हणून त्याच्यासाठी लांबट कक्षा निवडली, जिची एक फेरी साडेसहा दिवसांची आहे. अपोलोच्या वेळी मुख्य यान दर दोन तासांनी चंद्राला फेरी घालत असे. खाली काही बिघडलं तर वर चढून काही तासांत त्याला गाठता येत होतं. नव्या कक्षेत ती सोय नाही. चंद्रावर असताना कोणी जखमी झालं किंवा यानात गळती सुरू झाली, तर परतीचं यान कदाचित हजारो किलोमीटर लांब असेल. या निवडीचे फायदेही आहेत, पृथ्वीशी सतत संपर्क राहतो आणि इंधन कमी लागतं. पण अडचणीच्या वेळी माणसांच्या हातात किती तास आहेत, या कसोटीवर ती अपोलोपेक्षा मागे आहे.

लँडरला, म्हणजे उतरायच्या यानाला, रॉकेटवर जागा नाही म्हटल्यावर तो वेगळा जायला हवा. नासाने एप्रिल २०२१ मध्ये स्पेसएक्सच्या स्टारशिपला त्याचं कंत्राट दिलं, २.८९ अब्ज डॉलरचं, आणि मे २०२३ मध्ये ब्लू ओरिजिनला दुसरं. स्टारशिप पृथ्वीच्या कक्षेत पोचतं तेव्हा त्याच्या टाक्या जवळजवळ रिकाम्या असतात. चंद्रावर जायचं तर तिथेच, कक्षेत, त्यात हजार टनांहून अधिक द्रवरूप मिथेन आणि ऑक्सिजन भरावा लागेल. त्यासाठी किती टँकर-उड्डाणं लागतील याचे अंदाज दहाच्या आसपासपासून वीसच्या जवळपर्यंत जातात. ज्या गोष्टीवर सगळी मोहीम उभी आहे तिच्या आकड्यात एवढं अंतर असणं मला अस्वस्थ करतं.

कक्षेत इंधन भरणं कागदावर सोपं वाटतं, म्हणून ते का अवघड आहे हे जरा सांगायला हवं. वजनरहित अवस्थेत द्रव टाकीच्या तळाशी बसत नाही. त्याचे गोळे तरंगतात, भिंतींना चिकटतात, वायूत मिसळतात. नळीच्या तोंडाशी द्रव येईल की नुसती वाफ, हे सांगता येत नाही. म्हणून दोन्ही यानं जोडलेल्या अवस्थेत हलका जोर सतत लावून द्रव एका बाजूला आणावा लागतो. टाकीत नेमकं किती इंधन आहे हे मोजणंही त्याच कारणाने कठीण. त्यात ऑक्सिजन उणे १८३ अंशांना उकळतो आणि मिथेन उणे १६१ ला. पृथ्वीभोवती दर दीड तासाला ऊन आणि सावली आळीपाळीने येते, आणि प्रत्येक उन्हात थोडं इंधन वाफ होऊन जातं. शेवटचा टँकर पोचायला उशीर झाला तर पहिल्याने आणलेलं कमी झालेलं असतं. मार्च २०२४ च्या चाचणी उड्डाणात स्टारशिपने आपल्याच एका टाकीतून दुसऱ्या टाकीत द्रव हलवून पाहिला. ती योग्य पायरी होती. पण दोन वेगळी यानं जोडून शेकडो टन अतिशीत इंधन एकातून दुसऱ्यात घेणं ही गोष्ट वेगळ्याच मापाची आहे. ती साधली तर चंद्रच काय, मंगळाची वाटही मोकळी होईल, म्हणून तिच्यावर पैसा आणि वेळ घालवणं मला योग्यच वाटतं. माझा आक्षेप एवढाच आहे की तिचं यश गृहीत धरून माणसं उतरवण्याची तारीख छापली गेली.

मला सगळ्यात शिकण्यासारखी वाटते ती ओरायनच्या उष्णतारोधक ढालीची गोष्ट. चंद्रावरून परतणारं यान सेकंदाला ११ किलोमीटर वेगाने वातावरणात शिरतं. पृथ्वीभोवतीच्या कक्षेतून परतणाऱ्या यानाचा वेग पावणेआठच्या आसपास असतो. फरक लहान वाटतो, पण ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते, म्हणजे चंद्रावरून येणाऱ्या यानाला प्रत्येक किलोमागे दुप्पट ऊर्जा जिरवावी लागते. ती जिरवण्यासाठी तळाला ॲव्हकोट नावाच्या पदार्थाचा थर असतो. तो हळूहळू जळतो, त्याचा कोळसा होतो, आणि जळताना निघणारे वायू उष्णता बाहेर घेऊन जातात. अपोलोच्या ढालीत हा पदार्थ मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या जाळीच्या लाखो कप्प्यांत एकेक करून भरत असत. २०१४ मध्ये ओरायनची पहिली चाचणी झाली तेव्हाही तसंच केलं होतं. ते फार वेळखाऊ होतं, म्हणून पुढे जाळी काढून टाकली आणि ॲव्हकोटचे ठोकळे करून ते तळाला चिकटवले.

नोव्हेंबर २०२२ मध्ये आर्टेमिस-१ रिकामं गेलं आणि ११ डिसेंबरला प्रशांत महासागरात उतरलं. ढाल उघड्यावर आणून पाहिली तर शंभराहून अधिक ठिकाणी कोळशाचे तुकडे निखळून गेले होते. आतलं तापमान सुरक्षित राहिलं होतं, माणसं असती तर वाचली असती, हेही खरं. कारण शोधायला जवळजवळ दोन वर्षं लागली. ओरायन वातावरणात एकदा शिरून, थोडं वर उसळून, पुन्हा शिरतं. मधल्या काळात उष्णता कमी होते, त्यामुळे बाहेरचा सच्छिद्र कोळसा तयार होणं मंदावतं, पण आत वायू तयार होत राहतात. भाकरीत वाफ कोंडली की पदर सुटतो, तसं इथे झालं. फक्त हा पदर फुगण्याइतका मऊ नव्हता, म्हणून तो तडकला आणि तुकडे उडाले.

आणि जमिनीवरच्या चाचण्यांत हे दिसलं का नाही? कारण त्या चाचण्या प्रत्यक्षापेक्षा कडक होत्या. प्रयोगशाळेत उष्णतेचा मारा जास्त होता, त्यामुळे सच्छिद्र कोळसा पटकन तयार झाला आणि वायूंना बाहेर पडायला वाट मिळाली. परीक्षा अवघड घेतली म्हणूनच दोष लपून राहिला. इतक्या अनुभवी संस्थेतल्या इतक्या चांगल्या माणसांना जे टेबलावर दिसलं नाही, ते एका रिकाम्या उड्डाणाने दाखवलं. प्रत्यक्ष उड्डाणाला पर्याय नाही, याचा याहून चांगला पुरावा मला माहीत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये नासाने ठरवलं की पुढच्या, चार माणसांना नेणाऱ्या मोहिमेसाठी ढाल तीच ठेवायची आणि परतीची वाट बदलायची, मधली उसळी आखूड करायची. त्यामागचा हिशेब प्रामाणिक आहे यावर माझा विश्वास आहे. तरीही बदललेल्या वाटेवरून आधी एक रिकामं यान यायला हवं होतं, असंच मला वाटतं. नासाच्याच काही माजी लोकांनी जाहीरपणे असे आक्षेप घेतले. मात्र एक श्रेय द्यायलाच हवं. त्या खड्डे पडलेल्या ढालीची छायाचित्रं महानिरीक्षकांच्या अहवालात छापली गेली आणि जगातल्या कोणालाही ती पाहता आली.

उतरण्याचा भाग आपल्याला अधिक जवळचा आहे. दक्षिण ध्रुवाजवळ सूर्य क्षितिजापासून दीड अंशाच्या आसपासच राहतो. सावल्या लांबच लांब पडतात, लहानसा खड्डाही काळ्या डोहासारखा दिसतो, आणि उताराचा अंदाज डोळ्याला येत नाही. तिथे जायचं कारण बर्फ. चांद्रयान-१ वरच्या उपकरणाने २००९ मध्ये चंद्रावर पाण्याच्या खुणा दाखवल्या आणि सगळ्यांची नजर ध्रुवांकडे वळली, याचा अभिमान आपल्याला आहेच. पण ध्रुव ही अपोलोच्या सपाट मैदानांपेक्षा फार वेगळी जागा आहे. फेब्रुवारी २०२४ मध्ये एका अमेरिकी कंपनीचं ओडिसियस यान ध्रुवाच्या बाजूला उतरताना कलंडलं. मार्च २०२५ मध्ये त्याच कंपनीचं अथीना ध्रुवाच्या आणखी जवळ गेलं आणि तेही आडवं पडलं. अपोलोचा लँडर ७ मीटर उंच होता आणि त्याच्या पायांचा पसारा ९ मीटरांहून जास्त, म्हणजे उंचीपेक्षा बैठक मोठी. चंद्रासाठीचं स्टारशिप सुमारे ५० मीटर उंच आहे, आणि त्यातून माणसं लिफ्टने खाली येणार. ती लिफ्ट बंद पडली तर परत चढायला दुसरा सोपा रस्ता नाही. ब्लू ओरिजिनच्या यानात माणसांची खोली तळाशी आहे, आणि निदान या एका बाबतीत तो आराखडा मला अधिक शहाणपणाचा वाटतो.

आणि धूळ. चांद्रयान-३ चं विक्रम लँडर २३ ऑगस्ट २०२३ ला उतरलं, तेव्हा त्याच्या इंजिनांच्या झोताने सुमारे १०८ चौरस मीटरांवरची माती उधळली गेली. चांद्रयान-२ च्या कॅमेऱ्याने आधी आणि नंतर काढलेली छायाचित्रं ताडून आपल्या शास्त्रज्ञांनी तिचं वजन २.०६ टन काढलं. निघताना विक्रम पावणेदोन टनांचं होतं आणि उतरेपर्यंत त्यातलं बरंच इंधन संपलेलं होतं. म्हणजे लँडरने स्वतःच्या वजनाहून अधिक माती उडवली. आता शंभर टनांच्या घरातलं यान उतरताना काय होईल याचा विचार करा. हवा नसल्यामुळे ते कण कुठेच अडत नाहीत. अपोलो-१२ जवळच्याच सर्व्हेयर-३ या जुन्या यानापासून दोनशे मीटरांच्या आत उतरलं होतं, आणि त्या यानाचे जे भाग परत आणले त्यांवर उडालेल्या मातीने घासल्याच्या खुणा होत्या. एकाच जागी पुन्हा पुन्हा उतरून तळ उभारायचा असेल तर आधी उतरण्याचा ओटा बांधावा लागेल, आणि ओटा बांधायला आधी उतरावं लागेल.

या धुळीचे कण काचेच्या चुऱ्यासारखे धारदार असतात, कारण त्यांना गोल करायला तिथे वारा नाही आणि पाणीही नाही. डिसेंबर १९७२ मध्ये अपोलो-१७ च्या गाडीचं चिखलरोधक, म्हणजे चाकावरचं मडगार्ड, तुटलं. चंद्राच्या धुळीचा पाऊस अंगावर यायला लागला, तेव्हा सर्नन आणि श्मिट या अंतराळवीरांनी नकाशाचे कागद चिकटपट्टीने जोडून नवं चिखलरोधक केलं. यानात परत आल्यावर श्मिटला धुळीने शिंका आणि नाक चोंदणं सुरू झालं. ते दोघे तिथे तीन दिवस होते. नवे पाहुणे आठवडा आणि पुढे महिनाभर राहणार आहेत. विजेच्या साहाय्याने पृष्ठभागावरची धूळ झटकणारं एक साधन मार्च २०२५ मध्ये ब्लू घोस्ट यानावर चंद्रावरच तपासलं गेलं आणि ते चाललं. लहान, स्वस्त, एकच प्रश्न विचारणारी चाचणी. अशा आणखी वीस हव्यात.

अंतराळ-पोशाखाबद्दल एवढंच सांगतो, की नासाने २००७ पासून २०२१ पर्यंत त्यावर ४२ कोटी डॉलर खर्च केले आणि तरी उड्डाणायोग्य पोशाख हातात नव्हता. नंतर ते काम खाजगी कंपनीकडे गेलं.

या सगळ्यावर एक जोरदार हरकत येते. तारीख नसेल तर सरकारं पैसे देत नाहीत आणि माणसं झटत नाहीत. केनेडींनी मे १९६१ मध्ये दशकाची मुदत घातली म्हणूनच अपोलो घडलं. यात तथ्य आहे. पण त्या मुदतीमागे पैसा होता. १९६६ मध्ये अमेरिकेच्या केंद्रीय खर्चातला चार टक्क्यांहून अधिक वाटा नासाला मिळत होता, आज तो अर्ध्या टक्क्याच्याही खाली आहे. आणि त्या मुदतीनेही बळी घेतलेच. २७ जानेवारी १९६७ ला जमिनीवरच्या एका सरावात अपोलो-१ च्या कुपीत, म्हणजे माणसं बसतात त्या कक्षात, आग लागली. आत शुद्ध ऑक्सिजन दाबाने भरलेला होता, दार आतल्या बाजूला उघडणारं होतं. ग्रिसम, व्हाइट आणि चॅफी हे तिघे अंतराळवीर बाहेर येऊ शकले नाहीत. त्यानंतर वीस महिने एकही माणूस अपोलोतून उडाला नाही. दार बदललं, आतले जळाऊ पदार्थ काढले, तारांची जोडणी नव्याने केली. केनेडींची मुदत डोक्यावर असतानाही ते थांबले. मुदतीच्या बाजूने बोलणाऱ्यांनी ही वीस महिन्यांची गोष्टही तितक्याच ठळकपणे सांगितली पाहिजे.

आता चीनचं नाव घेऊन घाई करण्याचा आग्रह होतो. चीनने २०३० च्या आत माणूस उतरवायचं ठरवलं आहे. त्यांचा आराखडा साधा आहे: लाँग मार्च-१० रॉकेटची दोन उड्डाणं, एकातून माणसांचं यान, दुसऱ्यातून लँडर, आणि चंद्राच्या कक्षेत जोडणी. त्याआधी त्यांनी यंत्रांकडून चंद्राच्या कक्षेत हीच जोडणी करून घेतली, नमुने आणले, जून २०२४ मध्ये तर पलीकडच्या बाजूचेही आणले. ते आधी पोचले तर त्याचं कारण त्यांनी पायऱ्या गाळल्या नाहीत, हे असेल. अमेरिकेने त्यातून घाई शिकली तर तो उलटा धडा होईल.

पायऱ्यांचा आणखी एक फायदा आहे, ज्याकडे कागदावर आराखडे करणाऱ्यांचं लक्ष जात नाही. हात बसतो. डिसेंबर १९६८ ते जुलै १९६९ या काळात सॅटर्न-५ चार वेळा माणसांना घेऊन उडालं. तेच तंत्रज्ञ, त्याच झडपा, त्याच सूचना, दर दोन-तीन महिन्यांनी. दोन उड्डाणांमध्ये काही वर्षं गेली की माणसं पांगतात, आणि हायड्रोजनसारखा निसटता वायू प्रत्येक वेळी नव्याने छळतो. २०२२ मध्ये आर्टेमिस-१ चं उड्डाण हायड्रोजन गळतीमुळेही रखडलं होतं. सॅटर्नच्या एफ-१ इंजिनाची रेखाचित्रं आजही शाबूत आहेत, पण जोडाऱ्याने वेल्डिंग करताना कुठे किती फरक केला हे रेखाचित्रात नव्हतं. नासाच्या तरुण अभियंत्यांनी जुनं इंजिन खोलून त्याचा एक भाग २०१३ मध्ये पुन्हा पेटवून पाहिला, तेव्हा त्यांना हे उमगत गेलं. विक्रोळीला गोदरेजमध्ये विकास इंजिन जोडणारे, वालचंदनगरला आणि पवईला बूस्टरची पोलादी कवचं वेल्ड करणारे कारागीर यांना हे कोणी समजावून सांगायची गरज नाही. काम वर्षाला एक आलं तर हात तसाच राहत नाही. २०४० साठी आपण काही राखून ठेवायचं असेल तर आधी या माणसांचं नियमित काम राखायला हवं, दरवर्षी, लहान का होईना.

भारताच्या बाजूने ढोबळ हिशेब असा. आपलं आजचं सर्वांत मोठं रॉकेट एलव्हीएम-३ पृथ्वीच्या जवळच्या कक्षेत आठ टनांच्या आसपास नेतं. सप्टेंबर २०२४ मध्ये मंजूर झालेलं नवं रॉकेट ३० टन नेईल. अपोलोच्या मापाची मोहीम करायची तर तेही चार-पाच वेळा उडवावं लागेल आणि कक्षेत जोडण्या कराव्या लागतील. म्हणजे अमेरिकेला ज्या गोष्टी जड जात आहेत त्याच, जोडणी, कक्षेत वाट पाहणं, दूरवरून परत येणं, आपल्याही वाट्याला येणार आहेत. सुरुवात चांगली झाली आहे. जानेवारी २०२५ मध्ये इस्रोने स्पेडेक्स मोहिमेतल्या दोन यानांची जोडणी दोनदा पुढे ढकलली, तसं जाहीर सांगितलं, आणि मग १६ जानेवारीला ती शांतपणे केली. गगनयानासाठी आणीबाणीत माणसांची कुपी रॉकेटपासून वेगळी करण्याची चाचणी २१ ऑक्टोबर २०२३ ला झाली. गगनयानाची पहिली मुदत २०२२ होती आणि ती चुकली, यावरून इस्रोला टोमणे मारणाऱ्यांशी मी सहमत नाही. चुकलेली मुदत मला चालते. चाचणी चुकवलेली चालणार नाही.

पण एका गोष्टीत आपण मागे आहोत. सप्टेंबर २०१९ मध्ये चांद्रयान-२ चं लँडर कोसळलं. पाच इंजिनांनी अपेक्षेपेक्षा जास्त जोर दिला, त्यातून चुका साचत गेल्या, यान फार वेगाने वळवावं लागलं, आणि उतरायला ठरवलेली जागा फक्त ५०० मीटर बाय ५०० मीटर होती, हे सविस्तर आपल्याला २०२३ मध्ये इस्रोचे तत्कालीन अध्यक्ष सोमनाथ यांच्या बोलण्यातून कळलं. चौकशी समितीचा अहवाल जसाच्या तसा आजही जनतेसमोर नाही. दुरुस्त्या मात्र अप्रतिम झाल्या. पाय मजबूत केले, एक इंजिन कमी केलं, वेग मोजणारं लेझर साधन बसवलं, उतरण्याचा पट्टा ४ बाय २.४ किलोमीटरांचा केला, क्रेनला टांगून इंजिनं पेटवून पाहिली. असा अभ्यास लपवण्यासारखा नाही, अभियांत्रिकीच्या प्रत्येक महाविद्यालयात शिकवण्यासारखा आहे. यंत्र कोसळलं तेव्हा हे चालून गेलं. माणसं जायला लागल्यावर असं गुपित चालणार नाही, आणि तेव्हा सवय लावायला उशीर झालेला असेल.

म्हणून मागायचं काय, तर २०४० पर्यंतच्या चाचण्यांची यादी, प्रत्येक चाचणीत काय सिद्ध व्हायला हवं ते, आणि ते नाही झालं तर कोणतं उड्डाण थांबेल ते. संसदेत, लोकांना वाचता येईल अशा भाषेत, मराठीतसुद्धा. सुरुवात चांद्रयान-४ पासून करता येईल. २,१०४ कोटींच्या या मोहिमेत दोन एलव्हीएम-३ उडतील, भाग कक्षेत जोडले जातील, आणि सुमारे तीन किलो चांद्रमाती घेऊन एक कुपी पृथ्वीवर परत येईल. आजवर आपण परत आणलेली यानं पृथ्वीच्या कक्षेतून किंवा त्याहून कमी वेगाने आलेली आहेत. ही कुपी सेकंदाला ११ किलोमीटर वेगाने येणारी आपली पहिली वस्तू असेल. ती उतरल्यावर माती प्रयोगशाळेत जाईलच. तिच्या ढालीची छायाचित्रं, तडे असतील तर तड्यांसकट, आणि कुठे किती थर जळला याची मोजमापं सहा महिन्यांच्या आत प्रसिद्ध करण्याची अट त्या मोहिमेच्या मंजुरीतच आतापासून लिहून घ्यावी.